लालीबाईचे चोपन्न ठोके

डोंगरसिंग आडे याला कुणी विचारलं, की बाबा, तुझ्या हातून झालेली सर्वांत मोठी चूक कोणती, तर तो पूर्वी एकच सांगायचा: पोरीच्या सोबतीला बायकोला धाडलं. आताही तो तेच सांगतो, फक्त सांगताना मिशीत हसतो.

त्याचं असं झालं. धाकटी पोरगी दीपा पोलीस भरतीच्या मागे लागली. त्यांचा तांडा पुसदहून धरणाकडे जाणाऱ्या रस्त्याला लागून, आणि पहाटे पाचला तो रस्ता मोकळा असतो. पण मोकळ्या रस्त्यावर तरणी पोर एकटी कशी जाऊ द्यायची? डोंगरसिंगानं फर्मान काढलं, "एकटी जायचं नाई. याडीले संगं घेऊन जा." याडी म्हणजे आई. या घरात माया करायची ती गोरबोलीत, व्यवहार वऱ्हाडीत, आणि भांडण दोन्हींत.

लालीबाई तेव्हा त्रेपन्न वर्षांची. अंगानं भरलेली, तोंडानं त्याहून भरलेली. हातात काठी घेऊन ती पुलाच्या कठड्यावर बसायची आणि दीपा पुलापासून वडापर्यंत चकरा मारायची. चार दिवस बसली. पाचव्या दिवशी म्हणाली, "बसून बसून आंग आखडून राह्यलं माहं," आणि चालायला लागली. पंधरा दिवसांत काठी घरी राहिली. दोन महिन्यांनी दूधवाल्यानं तांड्यात बातमी आणली, की डोंगरसिंगाची बायको आरशांचा तो घेरदार फेटिया कमरेला खोचून, पायात पोरीचे जुने बूट घालून, पोरीच्या मागं पळते!

तांडाभर हशा पिकला. तांड्याचा नायक देवीलाल भर चौकात म्हणाला, "काय रे डोंगरसिंग, तुही बायको पोलिसात लागून राह्यली का?" डोंगरसिंगाच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. तो तणतणत घरी आला. लालीबाई भाकरी थापत होती.

"उद्यापासून पयनं बंद. लोकं हासून राह्यले."

"हासू द्या," ती वर न बघता म्हणाली. "मले सिस्टरनं सांगतलं हाय. भांडाचं तर तिले जाऊन भांडा."

सिस्टर म्हणजे उपकेंद्रातली उज्ज्वला. ती इथं नवीन आली त्याच्या आदल्या वर्षी लालीबाईची थोरली बहीण सुखीबाई अंगणात बसल्या जागी कोसळली होती. एक अंग लुळं पडलं, आठवड्यात गेली. डॉक्टर म्हणाले, रक्तदाब. आणि संताप यावा अशी गोष्ट ही, की तिच्या कार्डावर दर वेळी एकशेवीस-ऐंशी लिहिलेलं! कारण सुखीबाईच्या दंडाला मशीनचा पट्टा कधी लागलाच नव्हता. जुन्या वळणाच्या बंजारा बाईच्या दंडात चुडो असतो. कोपराच्या वर पांढऱ्या बांगड्यांची घट्ट चळत. लग्नात चढते ती नवरा जिवंत असेपर्यंत उतरत नाही. पट्टा बांधायचा तो नेमका तिथंच. आधीची सिस्टर काढा म्हणाली असेल, सुखीबाईनं डोळे वटारले असतील, आणि तिनं बिचारीनं अंदाजानं आकडा टाकून दिला असेल. चांगल्या माणसाचा आकडा टाकला, एवढंच तिचं पाप.

उज्ज्वला तशी नव्हती. तिनं लालीबाईला आधी दहा मिनिटं टेकून बसवलं, हात दोन उशांवर छातीच्या उंचीला ठेवला, मनगटाच्या काचेच्या बांगड्या खाली सारल्या आणि पट्टा कोपराच्या खाली बांधला. म्हणाली, "हे माप पक्कं नाही, मावशी. पण दर खेपेला असंच घेतलं, तर चढून राहिलं का उतरून राहिलं, ते तरी कळेल." पहिल्या दिवशी आकडा आला एकशे अठ्ठ्याहत्तर, खाली एकशे सहा. उज्ज्वलानं त्याच दिवशी तिला डॉक्टरकडे पाठवलं. गोळी सुरू झाली.

"गोळी एक दिवस चुकवायची नाही. मीठ, लोणचं कमी. आणि दीपासंग चालता ना तुम्ही? ते सोडायचं नाही. हळूहळू पळा. पण पळता पळता बोलता आलं पाहिजे. बोलणं तुटलं, की समजायचं जास्त झालं."

लालीबाईला ही अट फारच आवडली. "पयता पयता बोलाचं? थे तर मले जमते!"

आणि जमलं. दीपा पुढं, ही मागं, आणि अख्खा रस्ताभर तांड्यातल्या प्रत्येकाची हजेरी.

डोंगरसिंग या सगळ्यात कुठं नव्हताच. त्याला ओढलं दीपानं. भरतीच्या पोरी सकाळी उठायच्या आधी, अंथरुणात पडल्या पडल्या, नाडीचे ठोके मोजून वहीत लिहितात. याडीचेही मोजायचे होते. पण याडीच्या मनगटात बांगड्यांची गर्दी, आणि पोरीला सरावाची घाई.

"बा, तुमी मोजा. गयावर दोन बोटं ठेवाची, कानाच्या खाली. घड्याळ पाहून एक मिनिट."

"मले दुसरे धंदे नाईत का?" तो म्हणाला. पण दुसऱ्या दिवशी पहाटे त्यानं डाव्या हातात घड्याळ धरलं आणि उजव्या हाताची दोन बोटं बायकोच्या गळ्यावर टेकवली. अडतीस वर्षांच्या संसारात इतक्या हळुवारपणे त्यानं तिला कधी हात लावला नसेल.

"हात थंडागार हाय तुमचा," ती खेकसली.

"गप. मोजू दे."

अठ्ठ्याहत्तर. त्यानं वहीत वेड्यावाकड्या अक्षरात लिहिलं. पुढं ती सवयच झाली. पावसाळ्यात सत्तर आले, दिवाळीला सहासष्ट, होळीला साठ. उज्ज्वलाच्या उशांवरचा आकडाही खाली येत होता. एकशे पन्नास, एकशे चव्वेचाळीस, मग एकशे चौतीस. लालीबाईची सकाळची डोकेदुखी गेली. डॉक्टरनं गोळी अर्ध्यावर आणली आणि बजावलं, अर्धी म्हणजे अर्धी, बंद नाही. डोंगरसिंग शेतात वखर मारतानाही आज किती आले ते आठवायचा. पण हे तो कुणाला बोलला नाही. बोलणार तरी कसा, त्यानंच तर पळणं बंद म्हणून फर्मान काढलं होतं.

पुढच्या पावसाळ्यात एका पहाटे त्यानं मोजलं, तर चोपन्न. त्याला वाटलं चुकलं. परत मोजलं. चोपन्नच! अठ्ठ्याहत्तरचे चोपन्न, म्हणजे उतरतच चाललंय की हे, असं उतरत उतरत एक दिवस थांबणार. सुखीबाईचं वाकडं झालेलं तोंड त्याच्या डोळ्यांपुढं आलं. बायकोला काही न सांगता त्यानं मोटारसायकल काढली आणि चहाही न घेता उपकेंद्र गाठलं.

"सिस्टर, थांबून राह्यलं हो तिचं!"

उज्ज्वला दात घासत बाहेर आली. "काय थांबलं?"

"हार्ट! चोपन्नच वाजून राह्यलं."

"चक्कर येते का? दम लागते? छातीत दुखते?"

"कायचा दम? काल चार किलोमीटर पयून आली अन् वरून मले शिव्या देल्या, पाणी कायले तापवलं नाई म्हणून."

उज्ज्वलाला हसू आवरेना. उपकेंद्रापुढं हातपंप होता, तिकडं बोट करून ती म्हणाली, "काका, या पंपावर घागर भरायची. मरतुकडा माणूस चाळीस दांडे मारन. तगडा माणूस वीस दांड्यांत भरन. पाणी तेवढंच. मावशीचं हृदय दीड वर्षात तगडं झालं. एका ठोक्यात पहिल्यापेक्षा जास्त रक्त ढकलते, म्हणून कमी ठोक्यांत भागते. रक्ताच्या नळ्याही नरम पडल्या, म्हणून दाब उतरला. चक्कर आली, डोळ्यांपुढं अंधारी आली, तर तुरंत घेऊन या. नाही तर या चोपन्न ठोक्यांसाठी लोकं तरसतात, समजलं?"

डोंगरसिंग परत आला तेव्हा लालीबाई अंगण झाडत होती. त्यानं दारात उभं राहून तिच्याकडं असं काही पाहिलं, की तिनं झाडू थांबवला.

"काय झालं? मेलं का कोणी?"

"नाई. चाय ठेव," तो म्हणाला.

खरं सांगायचं तर त्याला बायकोचा भलताच अभिमान वाटत होता. पंचावन्नाव्या वर्षी, चुलीपुढं बसून, शेतात निंदून, लेकरं काढून झिजलेलं तिचं काळीज तिनं स्वतःच्या पायांनी पुन्हा नवं केलं होतं. कुणी करतं का असं? पण हे तिला सांगायचं कसं ते त्याला येईना, म्हणून तो तिच्यावर पहिल्यापेक्षा जास्तच ओरडू लागला.

मग जानेवारीत पुसदला शर्यत निघाली. पन्नाशीपुढच्या बायांसाठी तीन किलोमीटर. दीपानं फॉर्म भरला आणि आठ दिवस आधी कापडी नंबर घरी आणला. त्यावर दोनशे सतरा हा आकडा, आणि खाली मोठ्या अक्षरात 'लालीबाई आडे'. लालीबाईला तिसरीपर्यंतचं वाचता येत होतं. तिनं अक्षर न् अक्षर बोटानं वाचलं. नंबर डब्यात ठेवला, परत काढला.

"माहं नाव कुठं कुठं हाय?" ती नवऱ्याला म्हणाली. "राशन कार्डावर, अन् मतदार यादीत. थे बी तुमच्या नावाखाली. हे पाहा, एकटीचं हाय." मग जरा थांबून म्हणाली, "मले एकडाव पयाचं हाय हे. सगळ्यायच्या समोर. मंग काई मांगत नाई मी."

इतक्या वर्षांत तिनं त्याच्याकडं मागितलेली ही पहिली गोष्ट. डोंगरसिंगानं तिला नेऊन आणायचं कबूल केलं आणि त्या दिवशीचं गव्हाला पाणी देणं पुढं ढकललं.

शर्यतीच्या सकाळी मैदानावर ही गर्दी! भोंगे, झेंडे, पोहे, पुसदच्या मास्तरणी पांढऱ्या बुटांत. तांड्याकडून येणारी एसटी वाटेतच बंद पडलेली, म्हणून तिघं एका मोटारसायकलवर कसेबसे वेळेला पोचले. नंबर छातीला लावून लालीबाई रांगेत उभी राहिली, तर पळायच्या आधी डॉक्टरचा तंबू लागला. पन्नाशीपुढच्या प्रत्येकीचा रक्तदाब बघणार, एकशे साठच्या वर असला तर पळू देणार नाही, असा नियम. डॉक्टर होती उमेरा नावाची तरुण मुलगी, पुसदचीच. तिच्या हाताखालच्या पोरानं लालीबाईचा दंड पाहिला, गोंधळला, आणि पट्टा कोपराच्या खाली गुंडाळून मोकळा झाला. हात लोंबताच. लालीबाई तर आधीच धावतपळत आलेली, त्यात तोंड चालू.

एकशे सहासष्ट. खाली अठ्ठ्याण्णव.

"या बाईंना बाजूला बसवा," पोरगा म्हणाला.

"काहून?" लालीबाईचा आवाज चढला. "दोन वर्षं पयून राह्यलो मी! इचार त्या सिस्टरले!"

दीपा पुढं घुसली. उपकेंद्रात उशांवर हात ठेवून कसं मोजतात, आकडा कसा एकशे चौतीसवर आलाय, ठोके चोपन्न कसे, सगळं तिनं एका दमात सांगितलं. डॉक्टर उमेरा उठून आली. तिनं नीट ऐकून घेतलं.

"मला खोटं वाटत नाही, बहीण. हात लोंबता असला की आकडा फुगतो, हे मलाही माहीत आहे. पण कोपराखालचं माप मी मानून सही केली आणि रस्त्यात मावशींना काही झालं तर? मला दंडावरचंच पाहिजे. हे काढावं लागेल."

लालीबाई गप्प झाली. ती गप्प झाली, हेच डोंगरसिंगाला भ्यायला पुरेसं होतं. तिनं दोन्ही हात पदराखाली घेतले.

"जित्या धन्याचा चुडो मी काढत नाई," ती हळूच म्हणाली. छातीचा नंबर काढायला तिनं पिनेला हात घातला. "चाल दीपा. चला घरी. पाह्यलं तेवढं झालं."

तिच्या डोळ्यांत पाणी होतं. सुखीबाई गेली तेव्हा गळा काढून रडलेली ही बाई, आता आवाज न करता रडत होती.

डोंगरसिंगाला खरंच भीती वाटली, का लपवायचं? त्याच्या थोरल्या भावाच्या मयतीला वहिनीचा चुडो उतरवला होता, त्या बांगड्यांचा आवाज त्याच्या कानातून अजून गेला नव्हता. जिवंतपणी आपल्यावर ते ओढवून घ्यायचं? तांडा काय म्हणेल? देवीलाल काय म्हणेल? आणि मग त्याला आठवलं, की ही नंबर काढून घरी चालली आहे ती स्वतःसाठी नाही. त्याच्या जिवाला काही होऊ नये म्हणून चालली आहे. सुखीबाईही अशीच कुणाच्या तरी जिवासाठी दंड झाकून बसली होती.

"साबण हाय का?" तो डॉक्टरच्या पोराला म्हणाला.

"तुमी येडे झाले का?" लालीबाई ओरडली.

"गप. हात दे." तो तिच्यापुढं उकिडवा बसला. "मी मेल्यावर काढतात हे. मी कुठं मेलो? हा इथं तुह्या समोर बसून हाओ. चढवतानी तुह्या मामानं चढवला. उतरवतानी मी उतरवतो. माहा हाय, मले काय व्हाचं थे होऊ दे."

"लोकं पाहून राह्यले."

"पाहू दे. पयाची हायेस ना लोकायसमोर?"

तिनं हात पुढं केला. त्यानं दंडाला साबण चोळला. बांगड्या कोपराशी अडल्या, तिनं दात आवळले. पण दोन वर्षांत हात उतरला होता, एकेक करत निघाल्या. उजव्याच्या झाल्या, मग त्यानं आपण होऊन डाव्याच्याही काढल्या. "एका हाताची कायले? पयाले हलकं जाईन." खालची कातडी पांढरीफटक होती, लग्नानंतर तिला ऊन लागलेलं नव्हतं. सगळ्या बांगड्या त्यानं आपल्या दुपट्ट्यात बांधल्या आणि गाठ पोटाशी धरली.

डॉक्टर उमेरानं स्वतः खुर्ची ओढली. "मावशी, टेका. पाय खाली सरळ. हात टेबलावर. पाच मिनिटं बोलायचं नाही."

तीन किलोमीटर पळणं लालीबाईला अवघड नव्हतं. पाच मिनिटं गप्प बसणं मात्र तिच्या जिवावर आलं. दोनदा तोंड उघडलं, दोनदा दीपानं डोळे दाखवले. मग पट्टा उघड्या दंडाला बांधला गेला, तिच्या जन्मात पहिल्यांदा.

"एकशे बत्तीस. खाली ऐंशी." डॉक्टरनं कानातली नळी काढली, मग मनगट धरून ठोके मोजले आणि भुवया वर केल्या. "साठ! इतक्या गडबडीत साठ? मावशी, माझे आत्ता नव्वद असतील. जा, पळा. आणि पळून झाल्यावर मला भेटल्याशिवाय जाऊ नका, तुम्ही काय काय केलं ते मला लिहून घ्यायचंय."

शिट्टी झाली. चाळीस बाया निघाल्या. मास्तरणी सुरुवातीलाच जोरात सुटल्या. लालीबाई दीपानं शिकवल्याप्रमाणे मागं राहिली, एका चालीनं, फेटियाचे आरसे उन्हात चमकवत. डोंगरसिंग गर्दीतून वाट काढत वळणाशी जाऊन उभा राहिला. तिथून बाया दीड किलोमीटर जाऊन परतताना दिसणार होत्या.

परतीला पुढच्या मास्तरणी कमरेवर हात ठेवून चालत येत होत्या. एक तर रस्त्याच्या कडेला बसली होती. आणि त्यांच्या मागून दोनशे सतरा नंबर आला. एकीला मागं टाकलं, दुसरीला टाकलं. मान ताठ, तोंड मिटलेलं, पावलं जशीच्या तशी. डोंगरसिंगाचा ऊर भरून आला. ही आपली बायको! त्यानं पोटाशी धरलेलं गाठोडं आणखी घट्ट आवळलं.

त्याच्या शेजारी दुसऱ्या कुठल्या तांड्यातली एक म्हातारी उभी होती, दंडात तसाच भरगच्च चुडो. लालीबाई जवळून गेली तसं म्हातारीचं लक्ष त्या उघड्या, पांढऱ्या पडलेल्या दंडांकडं गेलं. तिनं जीभ चुकचुकवली आणि डोंगरसिंगाकडं वळून म्हणाली, "अरेरे. ताजंच दिसून राह्यलं रे. कवा गेला बिचारीचा धनी?"

"मीच तिचा धनी," डोंगरसिंग म्हणाला.

म्हातारीनं तोंडावर हात ठेवला. त्याच्याकडं पाहिलं, त्याच्या पोटाशी धरलेल्या गाठोड्याकडं पाहिलं, आणि दोन पावलं मागं सरली.

"मले कायले पाह्यतं, माय? मी हाओ इथं, कुठं जात नाई," तो म्हणाला. त्याचे डोळे वाहत होते आणि ते पुसायचंही त्याला सुचत नव्हतं. "तिले पाहा. दम लागला का तिले?"

म्हातारी टाचा उंचावून बघू लागली. लालीबाई आणखी एकीला मागं टाकत होती, आणि टाकता टाकता तिला काहीतरी सांगत होती.

"नाई बा," म्हातारी म्हणाली. "थे तर बोलून राह्यली."